काल रात्री काय दिसलं

विद्यापीठाचे पाहुणे, तिघीजणी आणि एक सर,
राधानगरीपर्यंत गप्पच होते.
दाजीपूरच्या पुढं डांबर संपलं
तशी मागच्या सीटवरची बुटकी बाई
काच खाली करून वास घेऊ लागली,
आपण नव्या गुळाच्या ढेपेचा घेतो तसा.

सर म्हणाले, ही सिसा. किच्वा लोकांतली.
पृथ्वीच्या पार पलीकडं हिचं जंगल,
गावाला रस्ता नाही, होडीनं दीड दिवस.
मी म्हटलं, इथंबी तसंच, होडी तेवढी नाही.

हिरडीचा धनगरवाडा. सात घरं.
कारवीचे कूड, वरून शेणाचा हात.
सिसानं भिंतीला तळवा लावला
आणि पोपडा निघाला होता तिथल्या काड्या
एकेक बोटानं मोजल्या.
ठकूबाई झोरेनं ताक दिलं.
प्यायली. पुन्हा तांब्या पुढं केला.

मग तिनं एक प्रश्न विचारला.
तो एका पोरीनं स्पॅनिशमध्ये घेतला,
दुसरीनं इंग्रजीत,
सरांनी शुद्ध मराठीत,
आणि सरांचं मराठी ठकूबाईला उमगेना
म्हणून शेवटी माझ्याकडं आला.
चार ओढे ओलांडून आलेल्या म्हशीगत
दमलेला, गुडघाभर चिखलात:
काल रात्री काय दिसलं?

ठकूबाई म्हणाली,
काय दिसनार? लाईट कुटं हाय?

उत्तर चार ओढे ओलांडत परत गेलं.
सिसा हसली. मग हसायची थांबली.

उतरताना क्लच प्लेट गेली. मुक्काम पडला.

पहाटे तीनला जाग आली थंडीनं.
चूल पेटलेली. सिसा तिथंच,
पिशवीतून पानांची माळ काढलेली,
ठकूबाईच्या भगुल्यात उकळत होती.
वास गवती चहाच्या लांबच्या पाव्हण्याचा.
भाषेचे तिन्ही पूल घोरत पडलेले.

सिसानं गालाखाली हात घेऊन डोळे मिटले,
मग कपाळापासून बोटं उघडली, फुलासारखी,
आणि ठकूबाईकडं बघत राहिली.

ठकूबाईनं जाळ सारला.
म्हणाली, धरनात आमचा जुना वाडा दिसला गं.
पान्याखाली चूल पेटल्याली.
सासू भाकरी थापत व्हती.
मी म्हनलं आत्याबाई, भिजशीला की.
तर म्हनती, मी न्हाई,
भिजतीयास तू.

मी घोंगड्यात श्वास धरून.

मग सिसा बोलली. लांबलचक.
एक अक्षर कळलं नाही.
मधेच तोंडानं इंजिनाचा आवाज काढला,
राखेत बोटानं सरळ रेघ ओढली,
घराच्या खुणेतून आरपार,
आणि नाक दाबून धरलं.
ठकूबाई म्हणाली, व्हय.
आमच्याकडं बी आल्याती. नोटीस घिऊन.

त्या दिवशी ठकूबाईनं
चांदी म्हैस धरणाकडच्या उताराला सोडली नाही.
का, ते कुणी विचारलं नाही.
सात वाजता सर उठले, वही उघडली,
रात्री काही विशेष?
मी म्हटलं, प्लेट येतीया दहाला.

आता पहाटेची ट्रिप असली की
आधी गंगावेशीत दूध कट्ट्यावर थांबतो.
समोर धार काढतात, फेसासकट ग्लास हातात.
शेजारी इलियास, कागलच्या टेम्पोवरचा.
मी विचारतो, काल रात्री काय दिसलं?
त्याला वाटतं मटक्याचं विचारतोय.
म्हणतो, सत्तावीस. आंधळा लाव.

परवा त्यानं आकडा सांगितला नाही.
ग्लास तसाच धरून बसला,
फेस बसत गेला.
मागं म्हैस रवंथ करत होती.
पॅसेंजर हाका मारत होते.
मी गाडीची चावी
खिशात ठेवली.